आगोट

सन २०१९ च्या ऑगस्ट महिन्यात, नागपंचमीच्या आगेमागे, पंचगंगेच्या पाण्याने राजाराम बंधाऱ्यावरील ३९ फुटांची इशाऱ्याची आणि ४३ फुटांची धोक्याची अशा दोन्ही रेघा मागे टाकून ५५ फुटांच्याही वर मजल मारली, शिरोलीजवळ पुणे-बंगळूर महामार्ग पाण्याखाली जाऊन वाहतूक कित्येक दिवस ठप्प झाली, आणि समुद्रापासून इतक्या उंचीवर, सह्याद्रीच्या पाठीशी वसलेली आमची करवीर नगरी, म्हणजे कोल्हापूर, चोहोबाजूंनी पाण्याने वेढलेले एक बेट होऊन बसली. दाराबाहेर महापूर आणि घरात नळ कोरडा, अशी ती विलक्षण अवस्था होती. कारण पाणी उपसणारी यंत्रेच नदीने गिळली होती. भाजीच्या गाड्या महामार्गावर अडकल्या, दुधाचे संकलन थांबले, पेट्रोलच्या पंपांवर रांगा लागल्या. आणि माझ्यासारख्या, आठवड्याचा बाजार आठवड्याला करणाऱ्या गृहिणीने तिसऱ्या दिवशी स्वयंपाकघरातील डबे उघडून पाहिले तेव्हा दोन वेळच्या भाकरीचे पीठ, मूठभर शेंगदाणे आणि फ्रिजमध्ये वीज नसल्यामुळे आंबू लागलेले काही पदार्थ, एवढाच काय तो ऐवज तिथे शिल्लक होता. माझ्या आजेसासूबाईंच्या काळी याच घराच्या माळ्यावर बारा महिन्यांचे धान्य असे. तो माळा मी स्वतःच मोकळा करविला होता, आणि त्या दिवशी त्या रिकाम्या जागेकडे पाहून मला मनापासून लाज वाटली.

त्या सायंकाळी शेजारच्या वाड्यातील, मूळच्या मालवणकडच्या एका बाईंनी आमच्याकडे एक पातेले झाकून पाठविले. त्यात कुळथाची पिठी होती: दाट, तपकिरी, वर लसणीचा करपल्यासारखा वास असलेली आणि कोकमाने किंचित आंबट झालेली, सोबत निखाऱ्यावर भाजलेल्या खाऱ्या बांगड्याचे चार तुकडे होते. पातेले परत करायला मी गेले आणि अशा दिवसांत हे सारे आले कुठून असे विचारले, तेव्हा त्यांनी अगदी सहजपणे सांगितले, "वहिनी, आमच्याकडे दर वर्साक असाच होता. पावसात दर्या बंद झालो की आमी घरातलाच खातव." त्यांच्या त्या बोलण्यात मला जे ज्ञान दिसले ते कोणत्याही पाकशास्त्राच्या पुस्तकात मी वाचले नव्हते. पाणी वेढणार आहे हे ज्यांना दरवर्षी आधीच ठाऊक असते, त्यांचा स्वयंपाक ज्येष्ठात नव्हे, चैत्रात सुरू होतो. तो स्वयंपाक शिकण्यासाठी, मध्ये टाळेबंदीची दोन वर्षे गेल्यामुळे, मला २०२३ च्या वैशाखापर्यंत थांबावे लागले.

कोल्हापूरहून मालवणला जाण्याच्या वाटा अनेक. मी गगनबावड्याची निवडली, आणि ती विचारपूर्वक निवडली. कोल्हापूरपासून सुमारे ५५ किलोमीटरवर, घाटमाथ्याच्या अगदी कडेला असलेले हे गाव पंत अमात्यांच्या घराण्याचे. त्याच बावडेकर घराण्याचे मूळ पुरुष रामचंद्रपंत अमात्य यांनी अठराव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात करवीर राज्यासाठी जे आज्ञापत्र लिहिले, त्यातील दुर्गांविषयीचे प्रकरण राजनीतीचे म्हणून अभ्यासले जाते. पण एखाद्या गृहिणीने ते वाचले तर तिला त्यात घर चालविण्याचे शास्त्र दिसेल. किल्ला बांधण्याआधी तिथे पाणी आहे की नाही ते पाहावे. झरा आहे म्हणून निर्धास्त राहू नये, कारण युद्धाच्या प्रसंगी झरे आटतात. खडक फोडून टाकी बांधावीत, साठविलेले पाणी उगाच खर्चू नये, गडावर आंबा, फणस, चिंच अशी झाडे लावून ती जोपासावीत, अशा आशयाच्या त्या सूचना आहेत. वेढा पडणार हे गृहीत धरून वेढ्यापूर्वी बेगमी करणे, हे त्या ग्रंथाचे एक सूत्र आहे. पन्हाळ्यावरील अंबारखान्याच्या गंगा, यमुना आणि सरस्वती या तीन प्रचंड कोठ्या आपण सहलीला जाऊन पाहतो, त्यांच्या भिंतींची जाडी हाताने चाचपतो आणि खाली उतरतो. परंतु त्या कोठ्यांमागचा विचार आपल्या घरातून कधी निघून गेला याचा हिशेब कोणी ठेवलेला नाही.

करूळच्या घाटाने गाडी उतरू लागली तशी हवा बदलली. पुण्याकडून येणाऱ्या पाहुण्यांना कोल्हापूर तिखट वाटते आणि कोकण ओलसर वाटते, एवढ्यावर त्यांची तुलना थांबते; मात्र या घाटातून शतकानुशतके बैलांचे तांडे गूळ, मिरची आणि धान्य खाली नेत होते आणि मीठ, नारळ, सोले व सुकी मासळी वर आणत होते. आमच्या पांढऱ्या रश्श्यात मटणाच्या आळणी पाण्याबरोबर जे नारळाचे दूध पडते तो नारळ काही पंचगंगेच्या काळ्या जमिनीतला नव्हे. ज्या पदार्थाला आम्ही कोल्हापूरचे भूषण मानतो त्याचा पांढरा रंग याच घाटाने वर आला आहे.

मालवणच्या किनाऱ्यावरून सिंधुदुर्ग दिसतो तेव्हा प्रथम तो किल्ला वाटतच नाही. समुद्राच्या पृष्ठभागावर कोणीतरी एक काळी, नागमोडी रेघ ओढून ठेवावी तसा तो दिसतो. २५ नोव्हेंबर १६६४ रोजी किनाऱ्यावरील मोरयाच्या धोंड्यापाशी पूजन होऊन शिवछत्रपतींनी कुरटे बेटावर या दुर्गाचा पाया घातला आणि सुमारे तीन वर्षांत, हिरोजी इंदुलकर यांच्या देखरेखीखाली, ४८ एकरांच्या त्या खडकाभोवती जवळजवळ तीन किलोमीटरांचा तट उभा राहिला, हा इतिहास शाळेतल्या मुलांनाही माहीत असतो. करवीरच्या माणसाला मात्र आणखी दोन गोष्टी आठवतात. १७६५ मध्ये इंग्रजांनी हा किल्ला घेऊन त्याला फोर्ट ऑगस्टस असे नाव दिले, पुढे तो करवीरकरांना परत मिळाला, आणि १८१२ च्या तहाने मालवणासह तो कायमचा इंग्रजांकडे गेला. म्हणजे जवळजवळ शंभर वर्षे या बेटावरील शिबंदीच्या पोटाची चिंता कोल्हापूरच्या दप्तरात वाहिली जात होती. दुसरी गोष्ट शिवराजेश्वराच्या मंदिराची. राजाराम महाराजांनी बांधविलेल्या त्या मंदिरात छत्रपतींची मूर्ती दर्यावर्दी कोळ्याच्या शिरोभूषणासारखी टोपी घातलेली आहे, आणि पुढचा सभामंडप राजर्षी शाहू छत्रपतींच्या काळात कोल्हापूरकडून उभारला गेला. त्या मंडपात मी थोडा वेळ बसले. समुद्राचा आवाज तटाच्या आत फारच कमी येतो.

ज्यांच्याकडे मी आठ दिवस राहिले त्या काकींचे माहेर या तटाच्या आतले. नाव छापू नये अशी त्यांची इच्छा असल्याने मी त्यांना काकीच म्हणेन. वय सत्तरीच्या पुढे, बांधा लहान, आणि बोलणे थोडके. शेजारच्या बाईंच्या त्या मावशी. आता त्या किनाऱ्यावर, दांडीच्या बाजूला राहतात. किल्ल्यात आज मोजकीच घरे उरली आहेत आणि पावसाळ्यात त्यांतलीही बरीच माणसे अलीकडे येतात. पहिल्याच दिवशी त्या मला होडीने पलीकडे घेऊन गेल्या आणि कोणताही पदार्थ दाखविण्याआधी तीन विहिरी दाखविल्या: दूधबाव, दहीबाव आणि साखरबाव. चारी बाजूंना खारे पाणी आणि मध्ये खडकाच्या पोटात ही गोडी कशी राहिली असेल याचे आश्चर्य येणारा प्रत्येक माणूस करतो. काकींना त्याचे आश्चर्य नव्हते, त्यांना जबाबदारी होती. लहानपणी त्या घागर भरताना काठावर एक थेंब सांडला तरी आजी कशी पाहत असे, तांदळाचे धुवण कधी ओतून न देता माडाच्या आळ्यात कसे जात असे, मासळी पहिल्यांदा समुद्राच्याच पाण्यात धुऊन गोडे पाणी शेवटच्या एका धुण्याला कसे राखले जाई, हे त्यांनी सांगितले. "हडे पाणी गोडा आसा, पण मोजून आसा," असे त्या म्हणाल्या. बेटावरच्या स्वयंपाकाचा हा माझा पहिला धडा. त्यात चूल पेटलीच नव्हती.

किल्ल्यात एके काळी दोन फांद्या फुटलेला माड होता, वीज पडून तो गेला. ती जागा दाखविताना काकी क्षणभर थांबल्या. ज्या झाडाला फांदी फुटत नाही असे जग मानते त्याला ती फुटलेली त्यांनी बालपणी रोज पाहिली होती.

नंतरचे तीन दिवस मला नारळ फोडणे, खवणे आणि तांदूळ धुणे याशिवाय काहीही करू दिले नाही. मी तीस वर्षे स्वयंपाक करते आहे, आणि कोल्हापूरच्या मानाने बरा करते अशी माझी समजूत होती. तरीही त्या तीन दिवसांत मला जे कळले ते एरवी कळले नसते. नारळ कानापाशी हलवून आतल्या पाण्याचा आवाज ऐकायचा, तो फार खळखळला तर खोबरे जाड आणि तेलकट होऊ लागले आहे असे समजून तो वाटपाला ठेवायचा, आवाज भरीव आला तर तो रसाला घ्यायचा. खवताना कवटीलगतची तपकिरी साल खवणीला लागता कामा नये, कारण ती लागली की रसाला करडा रंग येतो आणि चवीत एक तुरट सावली उतरते. पहिल्यांदा थोड्याच कोमट पाण्यात पिळून निघालेला दाट रस वेगळा ठेवायचा, दुसऱ्या आणि तिसऱ्या पिळणीच्या पातळ रसात कालवण शिजवायचे आणि दाट रस अखेरीस, चूल मंद करून, घालायचा. मासळीच्या कालवणाला ओले खोबरे कच्चेच मिरची, धणे आणि हळदीबरोबर पाट्यावर वाटतात. कोंबडीला आणि काळ्या वाटाण्याच्या सांबाऱ्याला मात्र कांदा-खोबरे भाजून, काळसर करून वाटतात. त्या भाजलेल्या वाटणालाच तिकडे विशेष आदराने वाटप म्हणतात, आणि मालवणी घरातील सुगरणीची परीक्षा त्या वाटपाच्या रंगावर होते.

चौथ्या दिवशी सुंगटांची, म्हणजे कोळंबीची, कढी करायला सांगितली, आणि माझ्याकडून रस फुटला. दाट रस घातल्यावर मी सवयीने चूल मोठी केली, झाकण ठेवले आणि मीठ पाहण्यात गुंतले. झाकण काढले तेव्हा वर तेलाचे तवंग आणि खाली दह्याच्या कवड्यांसारखे कण, असे ते कालवण झाले होते. पाणी आणि स्नेह यांची जी नाजूक सोयरीक नारळाच्या रसात असते ती जोराच्या उकळीने तुटते, हे शास्त्र मला ऐकून माहीत होते. पांढऱ्या रश्श्याला उकळी फुटू देत नाहीत आणि तो सतत ढवळत राहतात, ते याचसाठी, हेही माहीत होते. परंतु घरी फुटलेला रस्सा टाकून दुसरा नारळ फोडता येतो, आणि त्या माहितीला धार येत नाही. काकी रागावल्या नाहीत. त्यांनी ती कढी तशीच वाढली, सगळ्यांनी खाल्ली, आणि सायंकाळी त्यांनी एवढेच सांगितले की पावसात नारळ मोजून असतात, म्हणून रस घातल्यावर बाईने चुलीपासून उठायचे नसते. "बाय, रसाक झाकण नको. तेका बघीत रव." मी त्यानंतर झाकण ठेवले नाही.

याच आठवड्यात पहाटे रापण पाहायला मिळाली. किनाऱ्यापासून अर्धवर्तुळाकार सोडलेले ते लांबलचक जाळे दोन्ही टोकांनी पंचवीस-तीस माणसे वाळूवर पाय रोवून ओढत असतात. जाळे, होडी आणि हात या तिघांचेही वाटे ठरलेले असतात, आणि कधीकधी दोन तासांच्या ओढीनंतर पदरी फक्त शेवाळ आणि मूठभर पेडवे येतात. यांत्रिक बोटींच्या स्पर्धेत ही सामुदायिक पद्धत क्षीण होत चालली आहे, आणि गाबीत या मच्छीमार समाजातील वृद्ध त्याविषयी जे बोलतात त्यात आक्रोश कमी आणि समंजस दुःख अधिक असते. मला वाटते, रापण टिकावी अशी इच्छा करणे हा केवळ स्मरणरंजनाचा प्रकार नव्हे. किनाऱ्यालगतच्या माशांना जेवढी उसंत हवी तेवढी ही पद्धत आपसूकच देते. मालवणच्या या पाण्याला १९८७ मध्ये सागरी अभयारण्याचा दर्जा मिळाला, त्याच्या गाभ्याच्या क्षेत्रात सिंधुदुर्ग आणि पद्मगड येतात, आणि पोट व संरक्षण यांचा तो तिढा अजूनही पूर्णपणे सुटलेला नाही.

त्या दिवशी बांगडे मिळाले आणि तिखले झाले. बांगड्याचे तिखले हा माझ्या मते या किनाऱ्याचा सर्वांत प्रामाणिक पदार्थ आहे. त्यात लपवायला काहीच नसते. लाल मिरची आणि थोडे खोबरे गंधासारखे वाटायचे, मातीच्या भांड्यात ते वाटण, सोले, मीठ आणि बेताचे पाणी घालून त्यात बांगड्याचे तुकडे अलगद ठेवायचे, आणि शेवटी तिरफळे ठेचून टाकायची. ओली तिरफळे हिरवी, सुकलेली तपकिरी. सुकलेल्यांच्या आतले काळे बी कडू म्हणून काढून टाकतात आणि फक्त साल वापरतात. जिभेला त्या सालीने एक बारीक झिणझिणी येते, मिरचीच्या दाहाहून निराळी, आणि बांगडा, तारली यांसारख्या तेलकट मासळीचा उग्रपणा ती निम्म्याने कमी करते. तिरफळ खायचे नसते, त्याने फक्त आपले काम करून बाजूला व्हायचे असते. भांडे डावलीने ढवळायचे नाही, दोन्ही हातांनी कानाला धरून गोल हिसका द्यायचा, म्हणजे मासळी मोडत नाही. रात्री शिंक्यावर ठेवलेले हे तिखले दुसऱ्या दिवशी सकाळी उकड्या तांदळाच्या पेजेबरोबर खाल्ले तेव्हा ते आदल्या दिवशीपेक्षा अधिक मुरले होते. प्रमाण विचारले की काकींचे उत्तर ठरलेले असे: "ता भांड्याक इचार."

पण ज्यासाठी मी गेले होते ते या रोजच्या पदार्थांत नव्हते. वैशाखाच्या उन्हात त्या घराचे अंगण म्हणजे एक कारखाना होता, आणि त्या कारखान्याचे नाव आगोट. कोकणात पावसाच्या आरंभाला आगोट म्हणतात आणि त्यापूर्वी करावयाच्या साठवणीला आगोटची बेगमी. कोल्हापुरात आम्हीही उन्हाळ्यात पापड-सांडगे करतो, तथापि ते बहुधा हौसेचे असतात. इथे त्यात हौस होती, पण त्याखाली हिशेब होता. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक मासेमारीला सरकारी बंदी असते, किल्ल्याकडे जाणाऱ्या प्रवासी होड्या पावसाळ्यात बंद होतात, आणि पूर्वी तर नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ अर्पण होईपर्यंत होडी पाण्यात लोटायची नाही असा दस्तुर होता. माशांच्या विणीचा हा काळ. सरकारी मुदत तारखेने संपते आणि जुनी मुदत तिथीने, समुद्र शांत होऊ लागल्यावर, संपत असे; त्या दोहोंत मला जुनी अधिक शहाणपणाची वाटते. त्या अडीच-तीन महिन्यांत बेटावरील कुटुंबाने काय खायचे याचे उत्तर अंगणात वाळत होते.

एका कडेला रातांबे फोडून त्यांची साले वाळत घातली होती. बिया आणि गर यांचा मिठातला रस एका भांड्यात. त्यात ती साले पुन्हापुन्हा भिजवून पुन्हापुन्हा वाळवायची, म्हणजे ती काळीभोर, मऊ आणि टिकाऊ सोले होतात. मिठात उतरलेला गडद रस म्हणजे आगळ, सोलकढीसाठी. आणि बिया कुटून, उकळून त्यांतून जे तेल निघते त्याच्या थंड झालेल्या वड्या पावसात भेगाळलेल्या टाचांना लावायच्या. एका फळातला एकही भाग वाया गेला नाही, हे मी मुद्दाम मोजून पाहिले. दुसऱ्या कडेला सोडे आणि गोलमा, मीठ चोळलेले बांगडे, आंब्याची आणि फणसाची साठे, खारात मुरणाऱ्या कैऱ्या. फणसाच्या आठळ्या मातीत घोळवून कोपऱ्यात रचल्या होत्या. अशा त्या श्रावणापर्यंत टिकतात आणि सुक्या सुंगटांबरोबर शिजतात. कुळीथ भाजून, भरडून, पाखडून, त्याचे पीठ करून ठेवलेले. आणि मध्यभागी, जमिनीत बसविलेल्या दगडी व्हायनात, दोन बायका आळीपाळीने मुसळ चालवीत होत्या.

त्या व्हायनात मिरची होती, आणि तिच्या वासाने मला एकदम कोल्हापूरच्या लक्ष्मीपुरीतील मसाल्याच्या दुकानांपुढून चालल्याचा भास झाला. विचारले तेव्हा कळले की ती संकेश्वरी आणि ब्याडगीच होती, घाटावरून आलेली. काकी हसल्या: "मिरची तुमचीच गो. नारळ आमचो." मीठ-मिरचीचा हा व्यवहार किती जुना असेल असे मी मनाशी म्हटले, आणि मग लक्षात आले की मिरची स्वतःच या भूमीवर पाहुणी आहे, सोळाव्या शतकात पोर्तुगीजांच्या गलबतांतून अमेरिकेहून आलेली; आधी तिने किनारा पाहिला असेल, मग घाट चढून आमच्या मातीत ती अशी रुजली की आज खाली उतरते ती आमची म्हणून. आमच्या कांदा-लसूण मसाल्यात कांदा, लसूण, खोबरे, तीळ हे सारे तेलात परतून मिरचीबरोबर कुटतात. मालवणी मसाल्यात मिरची, धणे, बडीशेप, मिरी, लवंग, दालचिनी, बाद्यान, नागकेशर, दगडफूल, जायपत्री, हळकुंड असे कोरडे जिन्नसच असतात, प्रत्येक वेगवेगळा भाजलेला. कारण विचारता काकी म्हणाल्या की दर्याच्या हवेत ओले काही टिकत नाही. ओले ते रोज वाटावे, कोरडे ते वर्षाचे ठेवावे. आमची घाटावरची हवा कोरडी म्हणून आम्हाला कांदा-लसूण बरणीत कोंडण्याची मुभा मिळाली. मसाल्याचा हा भेद मी आजवर आवडीनिवडीचा समजत होते, तो हवेचा निघाला.

एका दुपारी नीरफणसाची कापे तळली. हिरवट, खडबडीत सालीचे ते फळ कोकणाच्या बागांत इतके घरचे झाले आहे की ते प्रशांत महासागरातील बेटांवरचे मुख्य अन्न आहे हे सांगितले तर अंगणातील कोणालाही खरे वाटले नाही. याच फळाची रोपे ताहितीहून वेस्ट इंडीजला नेण्यासाठी निघालेल्या बाउंटी जहाजावर १७८९ मध्ये खलाशांनी बंड केले, रोपे समुद्रात गेली, आणि कॅप्टन ब्लाय याने दुसऱ्या सफरीत, १७९३ मध्ये, ती अखेर पोहोचविली. ही हकिगत मी सांगितली तेव्हा मुसळ क्षणभर थांबले. बंड का झाले, असे एकीने विचारले. कारणे अनेक सांगतात. प्रवासात गोड्या पाण्याची आणि अन्नाची ओढाताण हे त्यांतले एक, असे मी म्हटल्यावर काकींनी मान हलविली. लक्षद्वीपच्या मिनिकॉयमध्ये कुप्पा मासा उकडून, धूर देऊन, लाकडासारखा कडक होईपर्यंत वाळवितात, तेही त्यांना सांगितले. त्यांनी त्याची कृती इतक्या बारकाईने विचारली की मला ठाऊक होते ते सारे संपले.

निघताना मला एक बरणी सोले, एक डबा कुळथाचे पीठ, पुरचुंडीत तिरफळे आणि करवंटीची एक डावली मिळाली. मोबदल्याचा विषय काढू दिला नाही. म्हणून पुढच्या संक्रांतीला मी गुऱ्हाळावरच्या गुळाच्या दोन ढेपा आणि संकेश्वरी मिरची पाठविली, आणि घाटाने ती व्यवस्थित पोहोचल्याचा निरोप आला. घरी आल्यावर माळा झाडून घेतला, फळ्या नव्या बसविल्या. घरातल्यांना प्रारंभी हा प्रकार अतिरेकाचा वाटला. आता चैत्र लागला की त्यावर ज्वारी, कडधान्ये, गूळ, सोले, मीठ आणि सुकी मासळी यांची मांडणी होते, आणि पिण्याच्या पाण्याची दोन पिंपे मी आषाढ लागण्यापूर्वी भरून झाकते.

२०२४ च्या जुलैच्या अखेरीस पंचगंगेने पुन्हा ४३ फुटांची रेघ ओलांडली. पाऊस तिसरा दिवस अखंड कोसळत होता. मी तेलात ठेचलेली लसूण तांबूस केली, कांदा आणि मसाला परतला, पाणी आणि सोले घातली, आणि गार पाण्यात कालविलेले कुळथाचे पीठ बारीक धारेने सोडीत, गुठळी होऊ न देता, डावलीने ढवळीत राहिले. पिठी फुगून वर आली, तिने रंग धरला, तरी मी चुलीपासून हलले नाही. मग पातेले झाकले आणि शेजारच्या वाड्यात घेऊन गेले. बाईंनी झाकण काढून वास घेतला, चमच्याने थोडी तळहातावर घेऊन चाखली, काही न बोलता आत गेल्या, आणि आपल्या बरणीतून आणखी एक सोल आणून तिच्यात टाकले.